निवडणे, टिपणे आणि कँडी क्रश

"डॉक्टर, आईंना जरा तुम्हीच समजवा. दिवसभर तो गोळ्यांचा खेळ चालू असतो." रक्तदाब मोजत असताना हे वाक्य अलीकडे वरचेवर कानी येते. बोलणारी व्यक्ती मुलगा, मुलगी किंवा सून असते. जिच्याविषयी बोलले जाते ती समोरच्या स्टुलावर बसलेली असते आणि किंचित ओशाळलेली असते. (गोळ्या म्हणजे रंगीत, गोड गोळ्या. आमच्या व्यवसायात एवढा खुलासा करून घ्यावा लागतो.) कधी आईंच्या जागी वडील असतात. आयुष्यभर मुलांना "वेळ वाया घालवू नका" असे बजावत आलेल्या गृहस्थांची अशा वेळी होणारी पंचाईत पाहण्यासारखी असते.

या खेळात असे काय आहे, की एरवी मोबाइलवर नवे काही शिकायला नाखूश असणारी सत्तरीपलीकडची माणसे तो आपणहून शिकतात आणि वर्षानुवर्षे सोडत नाहीत? त्याने बरे काय होते, वाईट काय होते आणि घरच्यांनी चिंता करायची तर ती नेमकी कशाची? वाचकहो, आपल्यापैकी अनेक जण स्वतःही तो खेळत असाल. हा लेख आपली झडती घेण्यासाठी नाही, हे आधीच सांगून ठेवतो.

ज्यांना हा खेळ ठाऊक नाही त्यांच्यासाठी थोडक्यात नियम असा. चौकटीत मांडलेल्या रंगीत आकृत्यांपैकी शेजारशेजारच्या दोहोंची अदलाबदल करायची. त्यामुळे एकाच प्रकारच्या तीन किंवा अधिक आकृत्या एका ओळीत आल्या की त्या नाहीशा होतात, वरच्या खाली घसरतात आणि रिकाम्या जागी नव्या येऊन पडतात. १९९४ साली रशियातील येव्गेनी अलेम्झिन यांनी संगणकासाठी केलेला 'शारिकी' हा या कल्पनेचा आरंभीचा नमुना. रशियन भाषेत शारिकी म्हणजे लहान चेंडू. पुढे २००१ साली अमेरिकेतील सिएटलच्या पॉपकॅप कंपनीने चेंडूंच्या जागी रत्ने बसवली आणि 'बिज्वेल्ड' घरोघरी पोहोचला. २०१२ साली किंग या कंपनीने रत्नांच्या गोळ्या केल्या. 'कँडी क्रश सागा' आधी फेसबुकवर आणि त्याच वर्षी मोबाइलवर आला. २०१६ साली ही कंपनी विकली गेली ती ५९० कोटी डॉलरना. फुकट मिळणाऱ्या खेळाची ही किंमत लक्षात असू द्या. पुढे तिचा संबंध येईल. तीस वर्षांत चेंडूंची रत्ने झाली, रत्नांच्या गोळ्या झाल्या, फळे झाली, फुले झाली. नियम मात्र जिथल्या तिथे आहे.

या टिकाऊपणाचे कारण मला मोबाइलमध्ये सापडत नाही. ते आपल्या जुन्या स्वयंपाकघरात सापडते. दुपारची जेवणे उरकल्यावर सुपात तांदूळ घेऊन निवडत बसलेली आजी आठवून पाहा. बोटे आपोआप चालत असत, खडा दिसला की उचलला जाई, गप्पाही चालू असत आणि मन कुठे तरी निवांत हिंडत असे. मेथी निवडणे, मोड आलेले वाल सोलणे, चातुर्मासात वाती वळणे, देवाच्या हारासाठी रंग लावून फुले ओवणे, या साऱ्या कामांचा घाट एकच होता. विस्कटलेल्यातून सारखे तेवढे शोधायचे, बाजूला काढायचे आणि समोरचा पसारा हळूहळू आवरताना पाहायचा. घरातल्या पुरुषांकडेही त्यांचे निवडणे-टिपणे होते. खिळे-स्क्रू डब्यांतून वेगळे करणे, पावत्या तारखेप्रमाणे लावून तारेत ओवणे, एकट्याने पत्ते मांडून पेशन्स लावणे. अशा कामाला बुद्धीचा कस लागत नाही, पण ते अगदी निर्बुद्धही नसते. लक्ष अर्धे गुंतते आणि उरलेल्या अर्ध्याला विसावा मिळतो. मनाला टोचणारे विचार त्या अर्ध्या लक्षाच्या फटीतून सहसा आत येत नाहीत.

आता तांदूळ निवडलेला येतो. मेथी निवडून पाकिटात येते, वातीही पाकिटात येतात, पावत्या मोबाइलवर येतात. जे काम उरले आहे ते आपण मायेपोटी काढून घेतो. "आई, तुम्ही बसा, आराम करा." आई बसतात. बसून हातांनी काय करायचे याचे उत्तर मात्र कोणी देत नाही आणि मग नातवाने मोबाइलवर घालून दिलेला खेळ ते देतो. मला म्हणायचे आहे ते इतकेच, की ज्याला आपण व्यसन म्हणून मोकळे होतो ते पुष्कळदा काढून घेतलेल्या कामाची भरपाई असते.

वार्धक्याला हा खेळ मानवतो याला आणखीही कारणे आहेत. तो वाट पाहतो. टेट्रिससारख्या खेळात वरून तुकडे कोसळत राहतात आणि घाई करावी लागते. इथे आपण चष्मा पुसून येईपर्यंत पटावर बहुधा काही बदलत नाही. थरथरत्या किंवा मंदावलेल्या हाताला ही मोठी सवलत आहे. दुसरे असे की यात काही लक्षात ठेवावे लागत नाही. पत्त्यांच्या डावात कोणते पान पडून गेले हे स्मरावे लागते, ब्रिजमध्ये तर भागीदाराची नाराजीही सोसावी लागते. इथे सगळा पट डोळ्यांसमोर उघडा असतो. वय वाढते तसे आठवून सांगणे कठीण होत जाते, पण पाहून ओळखणे बराच काळ शाबूत राहते आणि हा खेळ नेमका त्या शाबूत राहिलेल्या शक्तीवर चालतो. तिसरी गोष्ट मला सर्वांत मोलाची वाटते. आपण बराच वेळ अडून राहिलो तर पटावरच्या आकृत्या किंचित हलून संभाव्य चाल सुचवतात. त्यात सुस्कारा नसतो, "अहो, किती वेळा सांगायचे" नसते. ज्या माणसाला दिवसातून दहा वेळा आपल्या विसराळूपणाची जाणीव करून दिली जाते, त्याला अशी निमूट मदत किती हवीशी वाटत असेल याची कल्पना करून पाहा.

मात्र तांदूळ आणि हा खेळ यांत एक मोठा फरक आहे. सुपातला तांदूळ संपतो. खेळ संपत नाही.

तो संपू नये अशीच त्याची रचना आहे. कँडी क्रशचे टप्पे दहा हजारांहून अधिक आहेत आणि त्यांत सतत भर पडत असते. तीन गोळ्या जुळवल्या की वरून पडणाऱ्या गोळ्या कधी कधी आपोआप जुळत जातात, पट गडगडतो, आवाज वाहवा करतो. ही करामत आपल्या हातून घडली असे वाटते. खरे पाहता त्यातील बराच भाग योगायोगाचा असतो. बक्षीस ठरावीक वेळी न मिळता अवचित मिळाले तर प्राणी अधिक चिकाटीने प्रयत्न करत राहतात, हे बी. एफ. स्किनर या मानसशास्त्रज्ञाने कबुतरांवरील प्रयोगांतून दाखवून दिले होते. माणूस त्याला अपवाद नाही. त्यातच चालींची संख्या मर्यादित असते आणि पुष्कळदा आपण अगदी एका चालीने हरतो. जवळजवळ जिंकल्याची ही हुरहुर साध्या पराभवापेक्षा अधिक छळते आणि पुन्हा खेळायला लावते. या खेळात हरलो तर एक 'जीव' जातो. पाच जीव संपले की थांबावे लागते, अर्ध्या तासाने एक परत मिळतो. ही विश्रांती आहे असे भासते. प्रत्यक्षात, थोड्याच वेळाने पुन्हा येण्याचे ते आमंत्रण असते. ज्यांना थांबवत नाही त्यांच्यासाठी पैसे देऊन लगेच पुढे खेळण्याची सोय ठेवलेली असते. ५९० कोटी डॉलरचा उलगडा इथे होतो.

वैद्यकाच्या दृष्टीने या खेळाविषयीची सर्वांत बोलकी हकिकत २०१५ साली 'जामा इंटर्नल मेडिसिन' या अमेरिकी नियतकालिकात आली. २९ वर्षांचा एक तरुण सहा ते आठ आठवडे जवळजवळ दिवसभर असाच जुळवाजुळवीचा खेळ खेळत होता. उजव्या हाताने इतर कामे चालत आणि डावा अंगठा खेळत राही. शेवटी त्या अंगठ्याचा स्नायुबंध तुटला आणि शस्त्रक्रिया करावी लागली. नवल याचे की खेळताना त्याला दुखले नव्हते. खेळात गुंतल्यामुळे वेदनेची जाणीवच बोथट होत असावी, अशी शंका तपासणाऱ्या डॉक्टरांनी व्यक्त केली.

ही हकिकत केवळ भीती घालण्यासाठी सांगितली जाऊ नये, कारण तिला दुसरी बाजू आहे. वेदनेवरून लक्ष हटवणे हे औषध म्हणूनही वापरता येते. भाजलेल्या रुग्णांची मलमपट्टी बदलताना होणारी असह्य आग कमी जाणवावी म्हणून वॉशिंग्टन विद्यापीठातील संशोधकांनी 'स्नोवर्ल्ड' हा बर्फाळ प्रदेशाचा आभासी खेळ मुद्दाम तयार केला आणि त्याचा रुग्णांना उपयोग झाला. डायलिसिसच्या खुर्चीत चार-चार तास बसणारे रुग्ण, केमोथेरपीची सलाईन चालू असलेले रुग्ण, गुडघ्याच्या शस्त्रक्रियेनंतर पहिले काही दिवस अंथरुणाला खिळलेली माणसे, यांच्या हाती हा खेळ दिसला तर मला बरे वाटते. अशा वेळी "मोबाइल ठेवा" म्हणणाऱ्या नातेवाइकांना मीच थांबवतो.

पण जो खेळ दुखणे विसरायला लावतो, तो शरीराच्या इतर हाकाही विसरायला लावतो आणि म्हातारपणी या हाका मुळातच क्षीण झालेल्या असतात. तहान लागत नाही. लघवीला जायचे राहून जाते आणि मग शेवटच्या क्षणी घाईघाईने उठताना तोल जातो. न्हाणीघराच्या वाटेवरचे पडणे हे खुब्याचे हाड मोडण्याचे नेहमीचे निमित्त आहे. इन्शुलिन घेतलेल्या व्यक्तीने जेवणाला तासभर उशीर केला तर साखर धोकादायकरीत्या खाली येऊ शकते. "बाबा, जेवायला चला" या हाकेला तिसऱ्यांदा "हा एवढा डाव" असे उत्तर आले तर त्याकडे मी शिस्तीचा प्रश्न म्हणून पाहत नाही. त्या दिवशी इन्शुलिन किती वाजता टोचले, हे विचारतो. पाय लोंबकळत ठेवून तास-दोन तास बसल्याने पावलांना सूज येते. मधुमेहींमध्ये बोट अडकण्याचा विकार अधिक आढळतो. सकाळी बोट वाकवल्यावर चट्कन आवाज होऊन अडकत असेल तर अंगठ्याने खेळणे थांबवावे, मोबाइल टेबलावर टेकवून तर्जनी वापरावी आणि तपासून घ्यावे. पडद्याकडे पाहताना पापण्यांची उघडझाप कमी होते, त्यामुळे डोळे कोरडे पडतात, हे तर आपल्या अनुभवाचे असेलच.

रात्रीच्या खेळाविषयी थोडे सविस्तर सांगायला हवे. "रात्री दोन वाजता खेळत बसतात म्हणून झोप लागत नाही," असे घरचे म्हणतात. उजेडाने आणि उत्तेजनाने झोप लांबते हे खरे. पण पुष्कळदा क्रम उलटा असतो. झोप मोडली म्हणून खेळ सुरू झालेला असतो. ती का मोडली, हे कोणी विचारलेलेच नसते. प्रोस्टेटमुळे तीनदा उठावे लागते का, संध्याकाळी उशिरा घेतलेली लघवीची गोळी आहे का, गुडघा ठणकतो का, आडवे झाल्यावर दम लागतो का, की जोडीदार गेल्यापासून पलंगाची ती बाजू रिकामी आहे म्हणून जाग येते? मोबाइल काढून घेतला तर यांपैकी काहीच बरे होत नाही. अंधारात डोळे उघडे ठेवून पडून राहण्याची शिक्षा तेवढी वाढते.

"याने स्मरणशक्ती सुधारते ना, डॉक्टर?" हा प्रश्न मोठ्या आशेने विचारला जातो. नाही. एखाद्या खेळाचा सराव केल्याने मनुष्य मुख्यतः त्या खेळात तरबेज होतो. त्यामुळे गॅस बंद केला की नाही हे आठवू लागत नाही. मेंदूचे व्यायाम विकणाऱ्या 'लुमॉसिटी' या ॲपच्या कंपनीवर स्मृतिभ्रंश टळण्याविषयीचे निराधार दावे केल्याचा आरोप अमेरिकेच्या व्यापार आयोगाने ठेवला आणि २०१६ साली तिला २० लाख डॉलर भरून तडजोड करावी लागली. 'लॅन्सेट' नियतकालिकाच्या तज्ज्ञ आयोगाने २०२४ साली स्मृतिभ्रंशाचा धोका वाढवणारे, पण टाळता येण्याजोगे चौदा घटक सांगितले. त्यांत बहिरेपणा, उच्च रक्तदाब, मधुमेह, बैठेपणा, एकटेपणा, दृष्टिदोषावर उपचार न करणे हे आहेत. कानयंत्र कपाटात ठेवून मेंदूसाठी म्हणून कँडी क्रश खेळणाऱ्यांनी याचा विचार करावा. खेळायचे तर बरे वाटते म्हणून खेळावे. बरे वाटणे हे कारण पुरेसे आहे.

पैशांबाबत काळजी घेणे मात्र अटळ आहे. पैसे लावून पैसे जिंकण्याची आशा दाखवणाऱ्या ऑनलाइन खेळांवर संसदेने २०२५ साली कायदा करून बंदी घातली. कँडी क्रश त्या वर्गात मोडत नाही, कारण इथे पैसे गेले तर जातातच, परत येण्याचे आमिषही नसते. म्हणूनच "गोळ्या जुळवा आणि रोज इतके रुपये कमवा" अशी जाहिरात मध्येच दिसली तर ती फसवी समजून सोडून द्यावी. खात्यातून रक्कम गेली असेल तर लगेच १९३० या सायबर हेल्पलाइनवर कळवावे. मोबाइलमध्ये प्रत्येक खरेदीला पासवर्ड विचारला जाईल अशी व्यवस्था करून ठेवा. ती आईवडिलांच्या नकळत करू नका. त्यांना शेजारी बसवून, कशासाठी करतो आहोत हे सांगून करा. पैसा त्यांचा आहे.

खेळाला शेवट देणे हे घरच्यांचे काम. वेळ मोजून हिसकावून घेण्यापेक्षा दिवसातील नैसर्गिक टप्प्यांना तो बांधावा, म्हणजे पाच जीव संपले की उठून पाणी पिऊन यायचे, दिवेलागणीला बंद, जेवणाच्या ताटापाशी नाही. "या आणि खेळा" म्हणून बोलावणाऱ्या सूचना मोबाइलमधून बंद करता येतात. नातवंडे हे दोन मिनिटांत करून देतील. आणि जमेल तेवढे निवडणे-टिपणे त्यांच्या हाती परत द्यावे, मग त्याला दुप्पट वेळ लागला तरी चालेल. शेंगा सोलायला दिल्या की तिथे चार माणसे आपोआप येऊन बसतात. मोबाइलभोवती तसे कोणी बसत नाही.

आता सेवा करणाऱ्यांनी जे खास डोळ्यांत तेल घालून पाहावे, ते सांगतो. रोज खेळणारी व्यक्ती कशी खेळते यावरून तिच्या प्रकृतीचा पुष्कळ पत्ता लागतो. निळा आणि हिरवा यांत गल्लत होऊ लागली तर मोतीबिंदू तपासावा. कँडी क्रशमध्ये रंगागणिक आकारही वेगळा असल्याने हा दोष बरेच दिवस झाकला जाऊ शकतो. सवयीचा खेळ अचानक जमेनासा झाला, पटाच्या एकाच बाजूच्या चाली दिसतात आणि दुसरी बाजू, विशेषतः डावी, जणू नाहीच असे वागणे सुरू झाले, तर तो पक्षाघात असू शकतो. मेंदूच्या उजव्या भागाला इजा झालेल्या रुग्णाला डावीकडचे जग उरत नाही आणि ते हरवल्याचे त्याला स्वतःला कळतही नाही. अशा वेळी उद्या सकाळी दाखवू असे म्हणू नये. गुठळी विरघळवणारे इंजेक्शन सर्वसाधारणपणे पहिल्या साडेचार तासांतच देता येते. सीटी स्कॅनची सोय असलेल्या रुग्णालयात तत्काळ न्यावे.

माणसांत येणे, जेवण, आंघोळ, आवडती मालिका हे सारे सुटले आणि केवळ खेळ उरला, तर खेळाकडे बोट दाखवण्याआधी नैराश्याची तपासणी करून घ्यावी. जागतिक आरोग्य संघटनेच्या २०२२पासून लागू झालेल्या आजारांच्या वर्गीकरणात खेळाचा विकार नोंदलेला आहे. पण त्यासाठी खेळावरचा ताबा सुटणे, बाकी सर्व गोष्टींपेक्षा त्याला महत्त्व येणे आणि नुकसान दिसत असूनही तो न थांबणे, ही लक्षणे साधारणपणे वर्षभर असावी लागतात. दुपारी दोन तास खेळणाऱ्या आजींना ते नाव देण्याची घाई नको.

शेवटी एक गोष्ट, जी फार थोड्या घरांना ठाऊक असते. कंपवातासाठी, म्हणजे पार्किन्सन्ससाठी दिली जाणारी प्रामिपेक्सोल, रोपिनिरोल यांसारखी औषधे काही रुग्णांमध्ये आवेग आवरण्याची शक्ती कमी करतात. आयुष्यभर काटकसरीने वागलेला मनुष्य एकाएकी जुगार, अनावर खरेदी, अतिखाणे किंवा रात्रंदिवस खेळणे यांच्या मागे लागतो. घरात भांडणे होतात, त्याचा स्वभाव बिघडला असे सगळे समजतात आणि तो स्वतः लाजेने गप्प राहतो. हे स्वभावाचे नाही, औषधाचे काम असू शकते आणि मात्रा बदलून ते बहुधा आटोक्यात आणता येते. औषध मात्र स्वतःच्या मनाने बंद करू नये. एकदम थांबवल्यास गंभीर त्रास होऊ शकतो. ज्या महिन्यात हे वागणे सुरू झाले तो महिना आणि औषध सुरू झाल्याची किंवा वाढवल्याची तारीख एका कागदावर लिहा आणि तो कागद चालू असलेल्या सर्व गोळ्यांच्या पाकिटांसह मेंदूविकारतज्ज्ञांना दाखवा.